तेरा संघांच्या तेरा टोप्या



यंदा जूनमध्ये आमच्या चौथीच्या वर्गात एक मुलगा नवीन आला. वडिलांची नोकरी बदलीची. चार वर्षांतली ही त्याची तिसरी शाळा. पहिल्याच आठवड्यात मी वह्या तपासायला घेतल्या. सगळ्यांच्या वह्यांवर नाव, इयत्ता, तुकडी, शाळा असं व्यवस्थित लिहिलेलं होतं. याच्या वहीवर नाव होतं, इयत्ता होती, पण शाळेची ओळ कोरी! मला वाटलं, विसरला असेल. विचारलं, तर खाली बघत म्हणाला, "बाई, परत बदलायचीच आहे ना शाळा. मग कशाला लिहायचं?"

मला लगेच उत्तर सुचलं नाही. त्याला रागावण्यासारखं तर काहीच नव्हतं. घरी गेल्यावर मात्र मला एका खेळाडूची आठवण झाली. दुसऱ्या दिवशी शेवटच्या तासाला मी त्याची गोष्ट वर्गात सांगितली. तीच आज तुम्हांला सांगते.

त्या खेळाडूचं नाव ऑक्टाव्हियो डोटेल. खेळ बेसबॉलचा. या डोटेलने १५ वर्षांत किती संघ बदलले असतील? तब्बल तेरा! आहे की नाही गंमत? आपल्याकडे मोठी माणसं पटकन म्हणतील, "एक ना धड, भाराभर चिंध्या!" पण थांबा. आधी त्याचं काम काय होतं ते बघू या, मग ही म्हण त्याला लागू पडते का ते तुम्हीच ठरवा.

बेसबॉल आपल्याकडे फारसा खेळत नाहीत, म्हणून थोडी ओळख करून देते. एका संघाचे ९ खेळाडू मैदानात असतात. सामना ९ डावांचा. प्रत्येक डावात दोन्ही संघांना एकेकदा फलंदाजी मिळते आणि तीन जण बाद झाले की पाळी संपते. मैदानात चार बेस असतात. फलंदाज चेंडू मारून पहिल्या बेसकडे पळतो. तिथून दुसरा, तिसरा आणि मग जिथून निघाला तिथे, म्हणजे 'होम'वर परत आला, की एक धाव! तीन बेसवर एका वेळी तीन धावपटू वाट बघत उभे राहू शकतात बरं का.

आपल्याकडे गोलंदाज, तसा तिकडे पिचर. पण तो लांबून धावत येत नाही. मातीच्या एका छोट्या उंचवट्यावर उभा राहतो आणि तिथूनच चेंडू फेकतो. चेंडूला टप्पा नाही, तो थेट फलंदाजाकडे जातो. मधलं अंतर ६० फूट ६ इंच, म्हणजे जवळजवळ साडेअठरा मीटर. चेंडूचा वेग ताशी १४५ किलोमीटर असला, तर फलंदाजाला विचार करायला अर्धा सेकंदही मिळत नाही! फलंदाज तीन 'स्ट्राइक'मध्ये चुकला की तो स्ट्राइकआउट.

आता खरी गोष्ट पुढे आहे. सामना सुरू करणारा पिचर शंभरेक चेंडू टाकेपर्यंत दमतो. मग प्रशिक्षक त्याला बाहेर घेतात आणि दुसरा पिचर आणतात. हा जो मागून मदतीला येतो, तो रिलीफ पिचर. सामना चालू असताना हे रिलीफ पिचर मैदानाच्या कडेला एका राखीव जागेत बसलेले असतात. त्या जागेला म्हणतात बुलपेन. तिथे एक टेलिफोन असतो. तो वाजला की ज्याचं नाव घेतलं जाईल त्याने उठायचं आणि हात गरम करायला लागायचं. कधी कधी पाच-पन्नास चेंडू टाकून हात गरम केला, घाम आला, आणि बोलावणं येतच नाही! मग परत बाकावर बसायचं. उद्या पुन्हा तेच.

आणि बोलावणं येतं ते केव्हा? बहुतेक वेळा काहीतरी बिघडल्यावर. दोन बेसवर धावपटू उभे आहेत, एकही जण बाद झालेला नाही, प्रेक्षक ओरडताहेत, आधीचा पिचर मान खाली घालून निघाला आहे. अशा वेळी हा उंचवट्यावर येतो. सांडलेलं दूध दुसऱ्याचं, पुसायचं याने!

यात हिशोबाची एक गंमत आहे. समजा, आधीच्या पिचरने दोन धावपटू बेसवर सोडले आणि रिलीफ पिचर आल्यावर ते दोघे होमवर पोहोचले. या दोन धावा कुणाच्या नावावर लागतील? वर्गात सगळे ओरडले, "रिलीफवाल्याच्या!" नाही. त्या आधीच्या पिचरच्याच नावावर लागतात. म्हणजे रिलीफ पिचरने त्या दोघांना जागच्या जागी अडवून ठेवलं, तरी फायदा दिसतो तो आधीच्या माणसाच्या खात्यात. याच्या सरासरीत त्या मेहनतीचं नावनिशाणही नसतं. आपल्या घरात असं काम कोण करतं, ते जरा आठवून बघा.

आता डोटेलकडे वळू. त्याचा जन्म २५ नोव्हेंबर १९७३ चा, डोमिनिकन रिपब्लिक या देशातल्या सांतो दोमिंगो शहरातला. नकाशात कॅरिबियन समुद्र शोधा. वेस्ट इंडीजच्या क्रिकेटपटूंची बेटं याच समुद्रात. पण डोटेलच्या देशात स्पॅनिश बोलतात आणि तिथल्या मुलांच्या हातात क्रिकेटची नव्हे, बेसबॉलची बॅट असते. १९९३ साली न्यूयॉर्कच्या मेट्स संघाने त्याला करारबद्ध केलं. वय १९. पण लगेच मोठ्या मैदानावर थोडंच उतरवतात? खालच्या स्तरावरच्या संघांत त्याने सहा वर्षं घाम गाळला. १९९९ च्या जूनमध्ये त्याला मेट्सकडून पहिला मोठा सामना खेळायला मिळाला.

आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये मेट्सने त्याला ह्यूस्टनच्या अ‍ॅस्ट्रोज संघाला देऊन टाकलं!

देऊन टाकलं म्हणजे? अमेरिकेत संघ आपसांत खेळाडूंची अदलाबदल करतात. तुमचे दोघे आम्हांला द्या, आमचे दोघे तुम्हांला घ्या. बहुतेक खेळाडूंना त्यात कुणी विचारतही नाही. बातमी आली की सामान बांधायचं आणि निघायचं. काल ज्यांच्याबरोबर जेवलो, त्यांच्याविरुद्धच उद्या चेंडू टाकायचा! मोठ्या, मानाच्या खेळाडूंवर ही वेळ कमी येते. रिलीफ पिचरवर मात्र वारंवार येते. कारण सोपं आहे. हंगामाच्या मध्यावर एखाद्या संघाला वाटतं, आपल्याकडे शेवटच्या डावांसाठी माणूस कमी आहे. मग ते दुसऱ्याकडून मागून घेतात.

ह्यूस्टनला डोटेल सुरुवातीला काही सामने पहिल्या चेंडूपासून टाकत असे. पण तिथेच तो हळूहळू पक्का रिलीफ पिचर झाला. २००२ साली तो ८३ सामन्यांत मैदानात उतरला. संघाचा शेवटचा डाव टाकायचा मान बिली वॅग्नर या पिचरचा, आणि त्याच्या आधीचा आठवा डाव बऱ्याचदा डोटेलचा. आठव्या डावाचा फोटो पेपरात फारसा छापून येत नाही, पण आठवा नीट गेला तरच नवव्याला अर्थ!

११ जून २००३ ची गोष्ट ऐका. सामना न्यूयॉर्कच्या यँकीज संघाशी, त्यांच्याच घरच्या मैदानावर. ह्यूस्टनच्या रॉय ओस्वाल्टने सुरुवात केली आणि दुसऱ्याच डावात त्याला दुखापत झाली. आता पुढचे जवळपास आठ डाव कोण टाकणार? बुलपेनचा फोन वाजायला लागला. पीट मन्रो आला, मग कर्क सारलूस, मग ब्रॅड लिज. आठव्या डावात डोटेल, नवव्यात वॅग्नर. सहा जणांनी मिळून यँकीजच्या एकाही फलंदाजाला हिट मिळू दिली नाही, म्हणजे चेंडू सरळ टोलवून कुणी बेस गाठू शकला नाही. यँकीजवर अशी पाळी १९५८ नंतर पहिल्यांदाच आली होती. आणि सहा पिचरनी मिळून असा सामना टाकण्याची ती पहिलीच वेळ.

डोटेलने त्या एका डावात चार जणांना स्ट्राइकआउट केलं. "बाई, तीन बाद झाले की डाव संपतो ना? मग चार कसे?" बरोबर पकडलंत! तिसरा स्ट्राइक झाला, पण चेंडू झेलणाऱ्याच्या हातात नीट आला नाही, तर काही वेळा फलंदाजाला पहिल्या बेसकडे पळता येतं. तो तिथे पोहोचला तरी पिचरच्या नावावर स्ट्राइकआउट लागतोच. म्हणून चार. असा डाव फार क्वचित बघायला मिळतो. आणि सामना जिंकल्याचं श्रेय कुणाच्या खात्यात गेलं? लिजच्या! डोटेलचं काम आठव्या डावापुरतं होतं. ते त्याने चोख केलं आणि तो खाली उतरला.

२००४ मध्ये त्याला ह्यूस्टनहून ओकलंडला पाठवलं. २००५ मध्ये त्याच्या कोपराने दगा दिला. हाडांना धरून ठेवणारा कोपरातला एक मजबूत धागा असतो, तो जोरात चेंडू फेकून फेकून काही पिचरच्या हातात तुटतो. पूर्वी असं झालं की खेळ संपला म्हणायचे. पण १९७४ साली डॉ. फ्रँक जोब यांनी टॉमी जॉन नावाच्या पिचरवर वेगळीच शस्त्रक्रिया केली. शरीरातल्या दुसऱ्या जागचा धागा काढून तो कोपरात बसवला. टॉमी जॉन त्यानंतर १९८९ पर्यंत खेळला! त्या शस्त्रक्रियेला आज त्याचंच नाव आहे. डोटेलवरही तीच शस्त्रक्रिया झाली. पण ती झाली म्हणजे लगेच खेळता येत नाही. वर्षभर किंवा त्याहून जास्त थांबावं लागतं. आधी हात हलवायला शिकायचं, मग हळूच चेंडू टाकायचा, मग थोडा लांब. पहिलीच्या मुलाने अक्षरं गिरवावीत तसं!

२००६ मध्ये तो यँकीजकडून परत मैदानात आला. पण सामने थोडेच मिळाले, आणि मार भरपूर बसला. कुणाला वाटलं असेल, झालं, आता हा संपला. पण तो कॅन्सस सिटीला गेला, तिथून अटलांटाला, मग शिकागोच्या व्हाइट सॉक्स संघात. २०१० मध्ये तर एकाच हंगामात तीन संघ झाले. पिट्सबर्ग, लॉस एंजेलिस आणि कोलोरॅडो! विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर म्हणतात ना, अगदी तसं.

२०११ मध्ये तो कॅनडातल्या टोरांटोच्या ब्लू जेज संघात होता. जुलैच्या २७ तारखेला त्याला सेंट लुइसच्या कार्डिनल्सकडे धाडण्यात आलं. त्याच अदलाबदलीत एडविन जॅक्सन नावाचा आणखी एक पिचर होता. जॅक्सनला त्याच दिवशी शिकागोने टोरांटोला दिलं आणि टोरांटोने लगोलग सेंट लुइसला दिलं. म्हणजे तो टोरांटोचा खेळाडू झाला तो फक्त कागदावर! हे नाव लक्षात ठेवा, आपल्याला पुढे लागणार आहे.

कार्डिनल्स त्या वर्षी ऑगस्टअखेर खूप मागे पडले होते. पण साखळीच्या अगदी शेवटच्या दिवशी त्यांनी पुढच्या फेरीत जागा मिळवली आणि बघता बघता वर्ल्ड सिरीजची अंतिम लढत गाठली. समोर टेक्सासचा रेंजर्स संघ. सात सामन्यांची मालिका ३-३ अशी बरोबरीत. २८ ऑक्टोबर २०११ ला सातवा, शेवटचा सामना.

सातव्या डावात कार्डिनल्स ५-२ ने पुढे होते. पण रेंजर्सचा पहिलाच फलंदाज दुसऱ्या बेसवर जाऊन पोहोचला. एकही बाद नाही. बुलपेनचा फोन वाजला. आधी आला आर्थर ऱ्होड्स. वय ४२, हा पण डोटेलसारखाच गावोगाव फिरलेला, आणि त्याच वर्षी आधी तो रेंजर्सकडून खेळला होता! त्याने एक जण बाद केला आणि तो परतला. मग आला डोटेल. वय ३७. त्याने पुढचे दोघे बाद केले. दुसऱ्या बेसवरचा धावपटू तिथेच उभा राहिला. डाव संपला. कार्डिनल्सने सामना ६-२ असा जिंकला आणि विजेतेपदही!

दोन बळी. एवढंच त्याचं त्या दिवशीचं काम. पण बघा, तो धावपटू होमवर आला असता, तरी ती धाव डोटेलच्या नावावर लागली नसती. तरीसुद्धा त्याने येऊ दिलं नाही. मोठ्या मैदानावरच्या पहिल्या सामन्यानंतर बारा वर्षांनी, बाराव्या संघात, त्याला विजेतेपद मिळालं.

२०१२ मध्ये डेट्रॉइटचा टायगर्स हा त्याचा तेरावा संघ. तोवर १२ संघांच्या पुढे कुणीच गेलं नव्हतं. तो विक्रम डोटेलच्या नावावर सात वर्षं राहिला. २०१९ मध्ये तो कुणी मोडला? एडविन जॅक्सनने! त्याचा चौदावा संघ कोणता असेल? टोरांटो! आठ वर्षांपूर्वी ज्या संघात तो फक्त कागदावर होता, त्याच संघाकडून तो खराखुरा मैदानात उतरला.

२०१३ मध्ये डोटेल शेवटचा खेळला. त्याच वर्षी मार्चमध्ये झालेल्या वर्ल्ड बेसबॉल क्लासिक या देशादेशांच्या स्पर्धेत तो आपल्या डोमिनिकन संघात होता. त्या संघाने आठही सामने जिंकून विजेतेपद मिळवलं. हा एकच संघ असा होता, जिथून त्याची अदलाबदल कुणी करू शकत नव्हतं!

आता त्याची बेरीज मांडू. एकूण सामने ७५८. त्यांतले फक्त ३४ त्याने सुरुवातीपासून टाकले, बाकी सगळ्यांत तो मागून आला. स्ट्राइकआउट १,१४३. आता ती म्हण आठवा, 'एक ना धड, भाराभर चिंध्या'. लागू पडते का? मला विचाराल तर नाही. चिंध्या केव्हा म्हणायच्या? आज हे, उद्या ते, आणि कशातच लक्ष नाही, तेव्हा. डोटेलचे संघ तेरा झाले, पण काम एकच होतं. टोप्या बदलल्या, हात तोच. आपल्याकडे 'टोपी फिरवली' म्हणजे माणूस उलटला असा अर्थ होतो. पण डोटेलने टोपी फिरवली नाही, ती त्याच्या डोक्यावर दुसऱ्यांनी बदलली. ज्या दिवशी जी टोपी होती, त्या दिवशी तो पूर्ण त्या संघाचा होता.

या गोष्टीचा शेवट मात्र दुःखाचा आहे. ८ एप्रिल २०२५ ला सांतो दोमिंगोमधल्या एका नाइटक्लबचं छत कोसळलं. दोनशेहून जास्त माणसं त्यात गेली. डोटेल त्यांच्यातलाच एक. ढिगाऱ्यातून त्याला जिवंत बाहेर काढलं होतं, पण तो वाचला नाही. त्याचं वय ५१ होतं.

वर्गात मी एवढं सांगून थांबले, तेव्हा सगळे गप्प होते. मग तो नवा मुलगा उठला आणि त्याने विचारलं, "बाई, मग त्याची टीम कुठली?"

मी म्हटलं, "तूच सांग." तो जरा वेळ विचार करत उभा राहिला. मग म्हणाला, "सगळ्याच."

पुढच्या आठवड्यात वह्या आल्या. त्याच्या वहीवर शाळेचं नाव होतं. पेन्सिलीने का होईना, पण होतं. मी काही बोलले नाही. बरोबरची खूण करून वही परत दिली.

दोस्तांनो, तुमच्यातल्या काहींच्या शाळा बदलत असतील. वडिलांची बदली, आईची नोकरी, कधी घराची अडचण. मैत्रिणी सुटतात, खेळातली आपली जागा सुटते. त्याचं वाईट वाटणारच, वाटू द्या. पण जी शाळा आज आहे ती आजच्या दिवसापुरती तरी पूर्ण तुमची आहे. आणि ज्यांची शाळा कधीच बदलत नाही त्यांना एक सांगणं. वर्गात कुणी नवीन आलं, तर मधल्या सुट्टीत डबा खायला त्याला आपल्यात बोलवा. खेळात 'तू नंतर ये' म्हणू नका.

पालकहो, तुम्हांलाही एक विनंती. 'सारख्या शाळा बदलल्या, म्हणून मागे पडला' असं मुलांसमोर बोलू नका. त्याला कुठल्या शाळेने काय दिलं, तेवढं विचारा. उत्तर ऐकून आश्चर्य वाटेल.

आणि आता या आठवड्याचं काम! उत्तर अमेरिकेचा नकाशा घ्या. न्यूयॉर्क, ह्यूस्टन, ओकलंड, पुन्हा न्यूयॉर्क, कॅन्सस सिटी, अटलांटा, शिकागो, पिट्सबर्ग, लॉस एंजेलिस, डेन्व्हर, टोरांटो, सेंट लुइस, डेट्रॉइट ही गावं शोधा आणि याच क्रमाने रेघेने जोडा. (कोलोरॅडोचा संघ डेन्व्हरला खेळतो बरं का.) तेरा संघ, गावं मात्र बारा. का, ते ओळखा! मग त्याच कागदाच्या मागे तुम्ही स्वतः जिथे जिथे राहिलात त्या गावांचा नकाशा काढा. एकच गाव असेल, तर एकच ठिपका काढा. तोही चालेल!

तुमच्या बाई